समोरच्याचा शेवटचा शब्द

"तुम्ही काल गेलात हो!" शेजारच्या खुर्चीवरची बाई तिच्या गुडघ्यावर हात ठेवून म्हणाली, चारचौघांना ऐकू जाईल अशा आवाजात, आणि बोलता बोलता त्या बाईचे डोळे खरोखरच भरून आले. तिला आधी वाटलं, आपण पुन्हा काहीतरी भलतंच ऐकलं. "कुठे गेले?" तिनं विचारलं. "अहो, गेलात म्हणजे… वारलात. कालच्या भागात. जिन्यावरून पडलात आणि सूनबाई नुसती हाका मारतेय, आईसाहेब, आईसाहेब! मग ती पांढरी चादर. आमच्याकडे कुणी जेवलं नाही नीट." बाईनं मांडीवरची पिशवी दुसऱ्या हातात घेतली आणि तिच्याकडे असं निरखून पाहिलं, की जणू एवढं होऊनही ही इथे कशी बसली आहे याचा खुलासा व्हायला हवा. समोरच्या बाकावरचे म्हातारे गृहस्थ, त्यांचा हात धरून बसलेला त्यांचा मुलगा, काचेमागची नाव लिहून घेणारी मुलगी, सगळे तिच्याकडे बघायला लागले. मेंदूच्या डॉक्टरांच्या दवाखान्यात ती लग्नानंतरच्या नावानं नंबर लावून आली होती, जे नाव पडद्यावर कधीच आलं नव्हतं. डोक्यावरून ओढणी घेतली होती, चष्मा जाड काड्यांचा लावला होता. तरी ओळखलं. ओळखलं तेही मेल्याच्या दुसऱ्या दिवशी. "असं का," ती म्हणाली. "मला कुणी सांगितलंच नाही."

हे बोलल्यावर तिचं तिलाच हसू यायला हवं होतं. इतर कुठल्याही दिवशी आलं असतं. आज मात्र आलं नाही. दोन आठवडे चित्रीकरणाला बोलावणं नव्हतं, तेव्हा तिला वाटलं होतं की गोष्ट धाकट्या मुलाच्या संसाराकडे वळली असेल, चार दिवस विश्रांती मिळाली. म्हणजे त्या दोन आठवड्यांत त्यांनी तिला जिन्यावरून ढकलून दिलं, चादर घातली आणि एक फोनसुद्धा केला नाही. का केला नाही, ते तिला ठाऊक होतं, निदान या क्षणी खात्रीनं ठाऊक आहे असं वाटलं. त्यांच्या लक्षात आलं होतं. ती लपवत होती ते सगळ्यांच्या केव्हाच लक्षात आलं होतं, आणि ज्या बाईचं डोकं चालेनासं झालंय तिला तोंडावर काय सांगणार? त्यापेक्षा चादर बरी. तिनं मांडीवरची पर्स घट्ट धरली. ज्या दुखण्याची तपासणी करून घ्यायला ती इथे आली होती त्याचा निकाल डॉक्टरांच्या आधी टीव्हीनंच लावून टाकला होता.

हे सुरू झालं तेव्हा तिनं ते थकव्यावर घातलं. घरी आरशासमोर म्हटलेले संवाद स्वच्छ पाठ असायचे, स्वतःचेच नव्हेत, समोरच्याचेही. पण सेटवर दिवे लागले, सगळे आपापल्या जागी उभे राहिले, मालिकेत तिची सून झालेली मुलगी बोलायला लागली, की मध्येच कुठेतरी एक पोकळी यायची. मुलीचे ओठ हलून थांबलेले असायचे, कॅमेरा चालू असायचा, आणि सगळे तिच्याकडे बघत असायचे. तेव्हा तिला कळायचं की आपली पाळी येऊन गेली. अंगावरून गार पाण्याची धार जावी तसं व्हायचं. मग दिग्दर्शक म्हणायचा, "ताई, पुन्हा घेऊ," आणि ती म्हणायची, "हो हो, सटकलं," आणि हसायची. सगळेही हसायचे. पहिल्यांदा हसले, दहाव्यांदाही हसले, पण हसण्यात फरक पडत जातो आणि तो तिला कळत होता, कारण दुसऱ्यांच्या चेहऱ्यावरचे फरक ओळखण्यावरच तिनं आयुष्यभर पोट भरलं होतं. पुढे घरीही व्हायला लागलं. दुकानदार विचारायचा एक आणि ती उत्तर द्यायची भलतंच. परगावी राहणारी लेक फोनवर चिडायची, "आई, तू माझं ऐकतच नाहीस!" आणि ती म्हणायची, "ऐकतेय गं, बोल." सगळ्यात भयंकर म्हणजे, "काय म्हणालात?" हे विचारायचं तिनं बंद केलं. एकदा विचारलं की दुसऱ्यांदा विचारावं लागतं, आणि दुसऱ्यांदा विचारलं की समोरच्याच्या डोळ्यांत काहीतरी हलतं. बाबांच्या वेळी तिच्या स्वतःच्या डोळ्यांत ते हलत असे.

बाबांचं असंच सुरू झालं होतं. न विचारलेल्या प्रश्नाची उत्तरं. "चहा घेणार?" म्हटलं की म्हणायचे, "नाही, पत्र अजून आलं नाही." आधी गंमत वाटली, मग राग आला, मग एक दिवस ते दारात चप्पल घालून उभे राहिले आणि विचारायला लागले की आता घरी जायचं का. शेवटच्या वर्षात ते दिवसभर टीव्हीसमोर बसत. तेव्हा ती एका मालिकेत नर्स होती, चार वाक्यं बोलणारी. ती त्यांच्या शेजारी बसून त्यांना भरवत असायची, आणि पडद्यावर ती आली की ते तिचा हात बाजूला सारून बोट दाखवायचे. "ती बघा. ती माझी मुलगी." मग तिच्याकडे वळून अतिशय सभ्यपणानं विचारायचे, "तुमची ओळख नाही पटली. आपण कोण?" ती सांगायची, "मी शेजारी राहते." एकदा ते म्हणाले होते, "आमच्या मुलीला काम फार असतं हो, नाहीतर ती आली असती." हे ती कधी कुणाजवळ बोलली नाही, लेकीजवळही नाही. पण गेल्या वर्षभरात सकाळी जाग आली की डोळे उघडायच्या आधी ती स्वतःची परीक्षा घ्यायची. आज वार कोणता, काल काय खाल्लं, लेकीच्या सासूबाईंचं नाव काय. सगळं जागच्या जागी असायचं. मग तिला वाटायचं, बाबांनाही सकाळी सगळं जागच्या जागी वाटत असेल.

पिशवीवाली बाई आता आपल्या सुनेबद्दल सांगत होती. ती मान हलवत होती, योग्य ठिकाणी भुवया वर करत होती, मध्येच "अरे बापरे" म्हणत होती. निम्मं तिच्यापर्यंत पोचत नव्हतं, पण बाई खूश होती. ऐकण्याचा अभिनय ही तिची कमाई होती. ऐन विशीत पहिल्या चित्रपटात तिला ट्रे घेऊन खोलीत यायचं होतं आणि "आणखी काही हवंय का?" एवढंच म्हणायचं होतं. त्या एका वाक्यासाठी तिनं रात्रभर घोकंपट्टी केली, 'आणखी'वर जोर द्यावा की 'हवंय'वर. म्हाताऱ्या दिग्दर्शकानं तिचं वाक्य ऐकून घेतलं आणि म्हणाला, "वाक्य कुणीही म्हणेल. तू आत आलीस तेव्हा हे दोघं भांडत होते. ते तू ऐकलंस का?" "नाही," ती म्हणाली, "मी माझं वाक्य आठवत होते." "मग तू आलीसच नाहीस," तो म्हणाला, "नुसता ट्रे आला." त्या दिवसापासून ती ऐकायला शिकली. नायक-नायिका बोलत असताना ती असं काही ऐकायची की त्यांचं बोलणं खरं वाटायला लागायचं. मोठ्या नट्या मुद्दाम तिला मागून घ्यायच्या, "ती समोर उभी असली की मला रडू येतं." त्या रडायच्या, टाळ्या घ्यायच्या, आणि पडद्याच्या कोपऱ्यात तिचा खांदा, मानेवरचे केस आणि डावा कान दिसायचा. किती चित्रपटांत नुसता तिचा कान आहे! नवरा जिवंत होता तेव्हा चित्रगृहात तिला कोपरखळी मारायचा, "आला बघ तुझा कान." आई, मोलकरीण, नर्स, शेजारीण, विधवा मावशी, तुरुंगाची पहारेकरीण, नायकाची बहीण, पुढे नायकाची आई, आणि मग ज्याची बहीण झाली होती त्याचीच आई, जो तिच्याहून वयानं मोठा होता. तिला त्याचं कधी वाईट वाटलं नाही. म्हणजे वाटलं, पण ते दात दुखावा तसं, अधूनमधून. समोरच्याचा शेवटचा शब्द कानावर पडायचा आणि त्याला धरून ती आपलं वाक्य उचलायची, चालत्या झोक्यावर पाय टाकावा तशी. ते जमायचं तेव्हा सुख व्हायचं. आता झोका येतच नव्हता. रिकाम्या हवेत पाय टाकून ती उभी होती.

"आत जा," काचेमागची मुलगी खुणेनं म्हणाली. डॉक्टर मध्यमवयीन होते, शर्टाच्या बाह्या दुमडलेल्या. टीव्ही बघणारे वाटले नाहीत, त्यामुळे तिला जरा मोकळं वाटलं. त्यांनी विचारलं तसं तिनं सांगितलं, बाबांबद्दलही सांगितलं, आवाज कापू न देता. त्यांनी काही शब्द म्हणून दाखवले आणि लक्षात ठेवायला सांगितले. घड्याळ काढायला लावलं, आकडे उलटे म्हणायला लावले, मग इकडच्या तिकडच्या गप्पा मारून अचानक विचारलं, "मघाचे शब्द?" तिनं शब्द सांगितले. त्यांच्या क्रमानं सांगितले. मग तिला राहवेना म्हणून ती आत आल्यापासून डॉक्टर जे जे बोलले होते ते सगळं तिनं म्हणून दाखवलं, मध्ये त्यांनी "म्हणजे असं बघा" तीनदा म्हटलं होतं त्यासकट, त्यांच्याच लकबीत, पेन टेबलावर आपटत. डॉक्टर बघतच राहिले. मग खो खो हसले. "हे असं पाठांतर माझ्या विद्यार्थ्यांत असतं तर!" ते उठले, कोपऱ्यातल्या बेसिनकडे गेले, हात धुवायला लागले. पाणी वाहत होतं. त्यांची पाठ तिच्याकडे होती. पाठीवर शर्ट एका ठिकाणी पँटमधून सुटला होता, ते ती बघत बसली. ते वळले, रुमालाला हात पुसले आणि तिच्या अगदी समोर येऊन उभे राहिले.

"मी आत्ता काय विचारलं तुम्हाला?"

तीच पोकळी. "तुम्ही… काही विचारलंत?"

"दोनदा विचारलं. मुलं किती म्हणून." त्यांनी रुमाल तोंडासमोर धरला. रुमालाच्या वर त्यांचे डोळे हसत होते आणि खाली काहीतरी गुणगुणल्यासारखा आवाज येत होता, भिंतीपलीकडे कुणी बोलावं तसा. रुमाल खाली आला. "आणि आता?"

"आता ऐकू आलं. 'आणि आता' म्हणालात."

"त्याच्या आधीचं?" डॉक्टर खुर्चीत बसले. "बाई, तुम्ही आल्यापासून माझ्या डोळ्यांत एकदाही बघितलं नाहीत. तोंडाकडे बघताय. ओठ वाचताय तुम्ही, आणि तेही कुणी न शिकवता. डोकं तुमचं माझ्यापेक्षा धड आहे. खालच्या मजल्यावर कानाची तपासणी होते, आत्ताच्या आत्ता जा. मी फोन करतो."

जिना उतरताना तिनं कठडा घट्ट धरला होता. आपल्याला जिन्यावरून पडून मरण आलंय हे तिच्या लक्षात होतं, आणि तसं लक्षात आहे याचा तिला किंचित आनंद झाला. पण अजून विश्वास ठेवायचा नाही, असं तिनं ठरवलं. आशेनं फसायला ती नवीन नव्हती. तीन वेळा तिला प्रमुख भूमिका कबूल झाली होती आणि तीनही वेळा चित्रपटच उभा राहिला नव्हता. खालच्या मजल्यावर एका तरुण मुलीनं तिला एका छोट्या खोलीत बसवलं. भिंतींना जाड, करडं, मऊ अस्तर होतं, दार लागलं तेव्हा जगच बंद झाल्यासारखं वाटलं. कानांवर जड हेडफोन आले आणि तिला एकदम घरी आल्यासारखं वाटलं, कारण ही खोली हुबेहूब डबिंगच्या खोलीसारखी होती. अशाच खोल्यांत तिनं किती उसासे टाकले होते. चित्रीकरणात राहून गेलेला एखादा "हं", एखादी किंकाळी, बाळंतपणाच्या कळा, त्याही दुसऱ्याच कुणाच्यातरी. काचेपलीकडून मुलगी खुणेनं म्हणाली, आवाज आला की बटण दाबा. आवाज आला. जाड, घुमणारा, दूर बोटीचा भोंगा वाजावा तसा. तिनं दाबलं. तसाच बारीक झाला, तरी दाबलं. मग आवाज चढत गेले, शिट्टीसारखे, आणि मग काहीच नाही. काचेपलीकडे मुलीचा हात मात्र हलत होता. कळ फिरवत होती, कागदावर खूण करत होती, पुन्हा फिरवत होती. मुलगी आवाज सोडतेय आणि आपल्याकडे काहीच येत नाही, हे तिला दिसत होतं. या शांततेला ती ओळखत होती. सेटवर हीच यायची. इतके दिवस ती आपल्या डोक्यात आहे असं समजून ती तिला आतल्या आत चाचपत होती, आणि ती बाहेर होती, कानाच्या दाराशी! अंधाऱ्या खोलीत कुणी उभं आहे म्हणून भीतीनं गोठून बसावं आणि दिवा लावला तर खुंटीवरचा कोट निघावा, तसं झालं. तिला रडू फुटलं. हेडफोनमुळे तिचा हुंदका तिला स्वतःला मोठ्यानं ऐकू आला. चांगला हुंदका होता, खालच्या पट्टीतला. मुलगी घाबरून दार उघडून आत आली. "दुखतंय का?" "नाही गं बाई," ती नाक पुसत म्हणाली, "काही ऐकू आलं नाही म्हणून आनंद झाला."

मुलीला हे काही उमगलं नाही, पण तिनं समजावून सांगितलं, कागदावरची रेघ दाखवली. डावीकडे रेघ सरळ चालली होती आणि मध्यावरून घसरगुंडीवरून घसरावी तशी खाली गेली होती. जाड आवाज नीट येतात, बारीक येत नाहीत. पुरुष बोलले तर पुष्कळसं कळेल, लहान मुलं, बारीक आवाजाच्या मुली बोलल्या की शब्दाची टोकं गळून जातील. "शेवटचा शब्द तर बहुतेक जाईलच," मुलगी म्हणाली, "वाक्याच्या शेवटी आपण आवाज खाली सोडतो ना." ती त्या रेघेकडे बघत राहिली. सून झालेल्या मुलीचा आवाज चिमणीसारखा बारीक होता, आणि दिग्दर्शक तिला सतत सांगायचा, शेवटाला आवाज मिटवून टाक, हळवं वाटतं. मुलीनं एक लहानसं यंत्र तिच्या कानामागे अडकवून बघितलं. आधी एक भयंकर खरखर झाली. मग तिला कळलं की ती खरखर कागदाची आहे, मुलीच्या हातातल्या कागदाची. कागद एवढा बोलतो? तिनं चप्पल फरशीवर घासून बघितली. किल्ल्या हलवून बघितल्या. मुलगी म्हणाली, "तुमच्या मापाचं बनवून यायला आठवडा जाईल. केस पुढे घेतलेत तर दिसायचंसुद्धा नाही." "दिसू दे की," ती म्हणाली, "माझ्या कानाला सवय आहे." यंत्र काढलं तसं जग पुन्हा मऊ अस्तराच्या खोलीत गेलं. पण आता त्या खोलीला दार आहे हे तिला माहीत होतं.

बाहेर पायरीवर बसून तिनं लेकीला फोन लावला. जीव भांड्यात पडणं म्हणतात ते शरीरात नेमकं कुठे होतं, हे तिला आज समजलं. बरगड्यांच्या खाली, जिथे वर्षभर एक मूठ आवळलेली होती, तिथे. "अगं, मला ऐकू येत नाही," ती म्हणाली. पलीकडून लेक ओरडली, "आई, हेच मी दोन वर्षं सांगतेय, तू ऐकत नाहीस!" "अगं, खरंच ऐकत नव्हते," ती म्हणाली, आणि तिला असं हसू लोटलं की येणारे जाणारे थांबून बघायला लागले. मग तिनं लेकीला आजोबांचं सांगितलं. काय काय वाटत होतं, सकाळी उठून काय करायची, शेजारीण म्हणून बाबांना भरवायची तेही. लेक गप्प होती. की बोलत होती आणि तिला ऐकू येत नव्हतं? "मोठ्यानं रड," ती म्हणाली, "मला काही कळत नाहीये." तेव्हा लेकही हसली, आणि ते मात्र ऐकू आलं.

घरी जायचं सोडून ती स्टुडिओकडे जाणाऱ्या बसमध्ये बसली. का, ते तिनं स्वतःला विचारलं नाही. भांडायला नव्हे. भांडणाची हवा मघाशीच निघून गेली होती. पण आपल्या मरणाची चौकशी माणसानं निदान एकदा तरी करावी, असं तिला वाटलं. फाटकावरचा पहारेकरी तिला बघून उठून उभा राहिला आणि मग काय करावं न सुचून पुन्हा बसला. आत मेकअपच्या खोलीत तिची केसवाली, वर्षानुवर्षं तिचा पांढरा अंबाडा घालणारी, टोपाचे केस विंचरत बसली होती. ती दारात दिसताच केसवालीनं कंगवा टाकला आणि दोन्ही हातांनी तोंड झाकलं. "ताई, तुम्हाला सांगितलं ना त्यांनी? मला म्हणाले, सांगितलंय! मला म्हणाले, ताईंची तब्येत बरी नाही, त्यांनीच सांगितलं की उरकून घ्या!" आणि मग तोंडावरचे हात न काढताच केसवाली काहीतरी भराभर बोलायला लागली. ती जवळ गेली आणि केसवालीचे हात हळूच खाली घेतले. "तोंड दिसू दे मला तुझं. आता बोल." केसवालीचा चेहरा लाल झाला होता. "चादरीखाली मीच होते, ताई. उंची सारखी म्हणाले. म्हणाले, नुसतं पडून राहायचं. मला इतकं अवघडल्यासारखं झालं! आणि दिवसभर उभी होते ना, तर पडल्या पडल्या झोप लागली. सूनबाई माझ्या छातीवर डोकं आपटून रडतेय आणि मी घोरायला लागले. सगळं परत घ्यावं लागलं." ती खुर्चीत बसली. चादरीखाली आपल्या जागी कोण होतं हा प्रश्न दवाखान्यापासून कुठेतरी तळाशी होता. एखादी अनोळखी बाई, एखादी बाहुली, उशा. त्यापेक्षा हे किती चांगलं झालं, असं तिच्या मनात आलं. आपल्या मरणात निदान कुणाचीतरी झोप झाली.

दिग्दर्शक जेवणाच्या सुट्टीतून आला तो तिला पाहून दारातच थबकला, मग हात जोडत आत आला आणि बोलत सुटला. त्याचा आवाज जाड होता, जवळजवळ सगळं कळलं. वाहिनीवाल्यांना आठवडाभरात एक मोठं रडणं हवं होतं. कुणाला मारायचं यावर बैठक झाली. कुत्रा मारायचा एक विचार होता, पण कुत्र्याचा मालक तयार झाला नाही. "मग तुमचं नाव निघालं, ताई. तुमच्यावर लोकांचा इतका जीव आहे. तुम्ही मेलात तरच रडतील, असं सगळ्यांचं मत पडलं." तिला कळवायचं काम त्यानं सहायकाकडे दिलं, सहायकानं व्यवस्थापकाकडे, व्यवस्थापकाला वाटलं सहायकानं केलं, आणि कुणी विचारलं तर ताईंची तब्येत बरी नाही असं त्यानंच ठोकून दिलं.

"मी चुकत होते म्हणून नाही?" तिनं विचारलं.

"चुकत? तुम्ही?" दिग्दर्शकाला काही आठवेना. "थोडं मागेपुढे कुणाचं होत नाही? हिरो तर रोज दुसऱ्याच मालिकेचे संवाद म्हणतो." त्याला ही गोष्ट खरंच माहीत नव्हती. वर्षभर जे सगळ्यांच्या डोळ्यांत हललेलं तिनं बघितलं होतं ते जेवायला उशीर होतोय, शेवटची गाडी चुकतेय, घरी मूल आजारी आहे, असलं काहीतरी होतं. तिच्याकडे कुणाचं लक्षच नव्हतं. इतर वेळी या गोष्टीनं तिला किती लागलं असतं! आज ती मोकळी झाली. "आता आलाच आहात तर एक काम होईल का?" दिग्दर्शक ओशाळून म्हणाला. "भिंतीवर लावायला तुमचा फोटो हवाय. जुना आहे त्यात तुम्ही फार रागावलेल्या दिसता."

तिला अंबाडा घातला, आईसाहेबांची साडी नेसवली, दिव्यांसमोर खुर्चीत बसवलं. फोटोवाला नवा होता, कॅमेऱ्यामागून काहीतरी म्हणाला. "काय?" तिनं विचारलं. तो पुन्हा म्हणाला. "काय? मोठ्यानं बोला आणि तोंड पुढे काढून बोला," ती म्हणाली, आणि तिचा आवाज सेटच्या टोकापर्यंत गेला, "मला कमी ऐकू येतं!" वर दिव्यांपाशी चढलेले कामगार खाली बघायला लागले. काही झालं नाही. कुणीतरी खोकलं. केसवालीनं पुढे येऊन तिच्या कपाळावरची एक बट मागे सारली, एवढंच. फोटोवाला कॅमेऱ्याच्या बाजूला डोकं काढून ओरडला, "हनुवटी जरा खाली!" आणि तिनं हनुवटी जरा खाली केली.

तेवढ्यात सून झालेली मुलगी गर्दीतून वाट काढत आली. पांढऱ्या साडीत होती, दुखवट्याची रंगभूषा केलेली, डोळ्यांखाली काळं. ती खुर्चीजवळ येऊन गुडघ्यांवर बसली आणि तिचा चेहरा अगदी समोर आला. "खरंच कमी येतं ऐकू?" मुलीनं एकेक शब्द सुटा करून विचारलं. "म्हणून तुम्ही माझ्या तोंडाकडे बघायचात?"

"म्हणूनच. मलाही आजच कळलं. तुझं शेवटचं काही पोचायचं नाही माझ्यापर्यंत."

मुलीचा चेहरा विचित्र झाला, रडावं की हसावं अशी दोन्ही कामं एकदम लागल्यासारखा. "आणि मला वाटायचं तुम्ही माझे दात बघताय! पुढचा एक वाकडा होता ना. मी बोलायला लागले की तुमची नजर तिथेच. माझी जीभ अडखळायची. शेवटचे शब्द मी ओठ मिटून म्हणायला लागले, दात दिसू नयेत म्हणून. मागच्या सुट्टीत दात सरळ करून घेतले, ताई. इतके दुखले! आई म्हणत होती कशाला, मी म्हटलं त्या मोठ्या नटी आहेत, त्यांना खटकतंय म्हणजे नक्की काहीतरी आहे."

मोठी नटी. तिनं पुढे वाकून त्या मुलीची हनुवटी धरली. "दाखव बघू." मुलीनं ओठ मागे ओढले. दात पांढरे, सरळ, एका ओळीत होते, आणि तिला आठवेना की आधीचे कसे होते, कारण ती बघत होती ते ओठ, ओठांमागे काय आहे इकडे तिचं कधी ध्यानच नव्हतं. "छान आहेत," ती म्हणाली. "आधीचेही छानच असणार."

"असणार म्हणजे?" मुलगी किंचाळली. "तुम्ही बघितलेच नाहीत?"

ते सगळं, शेवटच्या शब्दासकट, तिला ऐकू आलं. दोघी एकमेकींचे हात धरून हसायला लागल्या, मुलीचं काळं गालांवरून ओघळलं, केसवाली रुमाल घेऊन धावली आणि तीही हसायला लागली. फोटोवाल्यानं तेवढ्यात बटण दाबलं होतं. दिग्दर्शकानं छोट्या पडद्यावर फोटो बघितला आणि मान हलवली. "ताई, गेलेल्या माणसाला इतका आनंद?"

"असतो," ती म्हणाली, आणि साडीचा पदर सावरून पुन्हा ताठ बसली. "घ्या आता दुसरा."